पळेरी

नेत्रावळीच्या अलीकडे, रस्ता जिथे डांबर विसरतो,
तिथे विसणें नावाचे गाव.
तिथल्या देवीला दोनच गोष्टी कळतात:
रेघ आणि वेळ.

तिचे नाव पळेरी.
पळ म्हणजे क्षण, असे शाळेतले मास्तर सांगत.
बाबा म्हणायचा, तसे नव्हे गो बाये, पळय म्हणजे बघ.
आणि पुजाऱ्याला घरी जायची घाई,
तो म्हणायचा, पळ म्हणजे पळ, दार लावायचे आहे मला.
तिघेही बरोबर असावेत.

तिला नारळ चालत नाही.
कोंबडा नको, अबोलीची वळेसरही नको.
तिच्या भिंतीवर ज्याला काही काढायचे आहे
त्याने स्वतःची एक वेळ सोडायची.
पुढची नव्हे. पुढची कोणीही देईल.
जगून झालेली.

माझा बाबा देमू च्यारी, कावीचा मेस्त.
गूळ घालून महिनाभर कुजवलेला चुना,
त्यावर वस्त्रगाळ तांबडी माती,
मग नदीतल्या गोट्याने घासत राहायचे
भिंतीत आपला चेहरा दिसेपर्यंत.
ओल आहे तोवर लोखंडी काटा चालवायचा.
तांबडे खरवडले की खालचे पांढरे वर येते.
लावून नाही, काढून चित्र होते,
एवढे एकच तत्त्वज्ञान त्याला येत होते,
तेही तो जेवताना सांगायचा, तोंडात बांगडा असताना.

मोराच्या मानेसाठी त्याने
सावर्ड्याच्या मैदानावर मारलेला गोल दिला.
तेव्हा तो सतरा वर्षांचा होता. मित्र अजून सांगतात,
तो दुसऱ्याचे ऐकावे तसे ऐकतो.
पोपटाच्या एका पंखासाठी
माझ्या जन्माची संध्याकाळ.
दर वाढदिवसाला तो आईला विचारायचा,
पाऊस होता का गो तेव्हा?
आई दर वर्षी वेगळे उत्तर द्यायची.

मी लहानपणी त्या पंखावर कान टेकला होता.
आत कंदील होता, आणि उकडलेल्या भाताचा वास,
आणि एक माणूस अंगणात ये-जा करत होता, अनवाणी.

बाबा गेल्यावर कमिटी म्हणाली, टाइल्स लावू.
पुसता येतात, दहा वर्षांची गॅरंटी.
पुरसो वेळीपाने रीतीप्रमाणे प्रसाद लावला:
देवीच्या कपाळावर ओली पाकळी.
उजवी पडली तर होय, डावी पडली तर नाही.
पाकळी पडली नाही.

तीन दिवस पडली नाही.
समईतले तेल तसूभर उतरले नाही,
चुलीवरचे दूध वर येऊन काठावर थांबले,
बाळंतपणाला अडलेली म्हैस शांतपणे रवंथ करत राहिली.
कुडचड्याचा कायतान स्कूटरवरून आला,
गावातली सगळी घड्याळे कानाला लावून पाहिली
आणि कोणाकडूनच पैसे घेतले नाहीत.
बंद नाहीत ही, म्हणाला. ऐकतायत.

मग मी बाबाचा काटा घेतला.
कोपऱ्यात, उंबऱ्याजवळ, एक हात जागा कोरी होती.
तिथेच त्याची एक चुकलेली रेघ आहे,
तिच्यासाठी त्याने काही दिले नव्हते,
हात घसरला एवढेच. देवीने ती ठेवून घेतली होती.
मी चुना लावला, माती लावली, गोटा घासला.
चेहरा दिसला. तो माझा नव्हता,
बाबाचाही नव्हता. डोळे अजून काढायचे होते त्याला.

काय देतेस? कोणीतरी विचारले.
माझ्याकडे गोल नव्हता, मूल नव्हते.
मी म्हटले, ही घे. हीच दुपार.
जगून होतेय तोवर घे.

म्हणून मी काय काढले ते मला विचारू नका.
पाकळी कुठल्या बाजूला पडली तेही पुरसोला विचारा.
म्हैस व्याली, एवढे मी ऐकले आहे.
भिंत अजून तिथेच आहे, बघून या, टाइल्स नाहीत.

माझ्या नखांत कसली तरी तांबडी माती आहे.
दोन वर्षे झाली, जात नाही.